नोराक्काच्या खुर्च्या

मद्रासमधल्या आमच्या वेस्ट मांबलमच्या गल्लीत कुणाकडे काही निघालं की घरातलं कुणीतरी हमखास म्हणायचं, "नोराक्काकडून खुर्च्या आणा." मुलगी बघायला माणसं येणार असली तरी तेच, आणि नवरात्रात बाहुल्या मांडायच्या पायऱ्या रचायला काही उंच हवं असलं तरी तेच. आमच्या घरांतून खुर्ची असलीच तर एक, ती कर्त्या पुरुषाची, बाकीचे चटईवर. नोराक्काकडे मात्र खुर्च्यांचं जंगल होतं. गोरे साहेब देश सोडून गेले तेव्हा त्यांच्या बंगल्यांतलं सामान लिलावात निघालं. त्यातल्या वेताच्या, शिसवी, गोल पाठीच्या, एक हात मोडलेल्या, मिळतील त्या खुर्च्या तिनं आणून ठेवल्या होत्या. एकीचा दुसरीशी मेळ नव्हता. तिचे यजमान डॉक्टर सेतुराव म्हणायचे, घरात इतक्या बसायच्या जागा झाल्यात की उभं राहायला जागा उरली नाही.

नोराक्का आयर्लंडची. डॉक्टर आमच्यातलेच, तंजावरकर देशस्थ. शिकायला डब्लिनला गेले आणि पास झाल्यावर वर्षभर किलबेग नावाच्या दहा-बारा घरांच्या खेड्यात सरकारी दवाखान्यात राहिले. तिथल्या दुकानदाराची ही मुलगी. महायुद्धाच्या थोडं आधी दोघं मद्रासला आली आणि आमच्या शेजारी घर बांधून राहिली. आमच्या आणि त्यांच्या घराच्या मध्ये फक्त एक विहीर होती. तिला कुणी 'इंग्लिश बाई' म्हटलेलं अजिबात खपत नसे. म्हणणाऱ्याला ती उभ्या उभ्या सुनावायची, की इंग्रजांनी तुम्हाला छळलं ते काल-परवा, आम्हाला छळायला लागले ते कितीतरी आधी, तेव्हा रांगेत आमचा नंबर पहिला.

तिची सासू जुन्या वळणाची. तिनं गोऱ्या सुनेला स्वयंपाकघराच्या उंबऱ्याच्या आत येऊ दिलं नाही; पण उंबऱ्याबाहेर पाट देऊन मराठी मात्र शिकवलं. आमचं तंजावरकडचं मराठी मुळातच जुनं, त्यात सासूबाईंचं आणखी जुनं. त्यामुळे नोराक्का आम्हा पोरींपेक्षाही शुद्ध तंजावरी बोलायची. पुण्याहून बदलीवर आलेल्या एका बँकवाल्यांच्या बायकोला आमचं 'कोठे', 'मज', 'जाहले' ऐकून फार हसू यायचं. तिनं एकदा नोराक्काला विचारलं, हे असलं मराठी तुम्ही कुठं शिकलात? नोराक्का शांतपणे म्हणाली, "सासूने शिकवले. तुमचे कोणी बिघडवले?" ती बाई पुन्हा आमच्या मराठीला हसल्याचं मला आठवत नाही.

एक गोष्ट मात्र सासूलाही शिकवता आली नाही. नोराक्का कुणाच्याही घरात पुढच्या दारानं येत नसे आणि हाकही मारत नसे. मागच्या दारानं सरळ चुलीपर्यंत यायची. तिच्या गावात म्हणे दारावर थाप मारणारा माणूस म्हणजे एक तर जप्तीवाला, नाही तर पोलीस. शेजाऱ्यानं थाप मारली तर तो रागावलाय असं समजायचं. माझी आई सोवळ्यात स्वयंपाक करत असताना ही पाठीमागून येऊन "काय शिजते आहे?" म्हणून पातेल्यात डोकावायची. आईला पुन्हा आंघोळ, पुन्हा स्वयंपाक. असं बऱ्याचदा झाल्यावर आईनं तोड काढली: विहिरीपाशी उभं राहून खोकायचं, आतून ओ आली की यायचं. नोराक्कानं ते मुकाट्यानं मान्य केलं. पुढं कितीतरी वर्षं त्या विहिरीपाशी खणखणीत खोकला ऐकू यायचा आणि माझे वडील आतून म्हणायचे, किलबेग आलं.

किलबेग आम्हाला तंजावरपेक्षा जास्त माहीत होतं. संध्याकाळी डास फोडून काढायला लागेपर्यंत ती आमच्या ओट्यावर बसायची आणि गाव सांगायची. तिथं वर्षाचे बारा महिने पाऊस, पण आपल्यासारखा कोसळून मोकळा होणारा नाही, रडक्या पोरासारखा दिवसभर कुरकुरणारा. जळायला लाकूड नाही. काळी दलदल विटांसारखी कापून, वाळवून चुलीत घालायची. सगळ्या घरांची ती कापणी सगळ्यांनी मिळून करायची. तिच्या बापाचं दुकान म्हणजे गावाचं सर्वस्व. एका बाजूला चहा, साखर, खिळे, दुसऱ्या बाजूला दारू, आणि मागच्या अंगणात शवपेट्यांच्या फळ्या. कुणाची तब्येत फार बिघडली की बाप गुपचूप फळ्या मोजायला लागायचा, आणि आजारी माणसाच्या घरचे ते बघून त्याच्याशी बोलणं टाकायचे.

गावातलं कुणी वारलं की घरातलं घड्याळ थांबवायचं, आरसा झाकायचा, आणि आत्म्याला जायला खिडकी उघडायची. मग प्रत्येक घरातून त्या घरी खुर्च्या जायच्या. कुणाकडे दोनच असल्या तर दोन्ही जायच्या, मागे राहिलेले ओंडक्यावर बसत. सगळं गाव त्या खुर्च्यांवर येऊन बसायचं, चहा प्यायचं, मातीच्या पांढऱ्या चिलिमी ओढायचं आणि मेलेल्या माणसाच्या गोष्टी सांगायचं. चांगल्याच असं नाही, गमतीच्याही, त्याच्या चिकूपणाच्याही. लोक हसायचे आणि मध्येच रडायचे. ज्यानं त्या घरचा चहा घेतला त्याचं मेलेल्याशी काही भांडण उरलं नाही, असा तिथला कायदा. नोराक्काचं एक वाक्य ठरलेलं होतं, "माणूस कोण होता ते त्याच्या घरी चहा किती लागला त्यावरून कळते."

आई हे ऐकून कानांवर हात ठेवायची. आमच्याकडे सुतकाच्या घरी चूल पेटत नाही, आणि भेटायला गेलेला माणूस तिथं पाण्याचा थेंबही घेत नाही. मुकाट्यानं जायचं, भिंतीशी जमिनीवर टेकायचं, मुकाट्यानं उठायचं. 'येते' म्हणायचं नाही. घरी येऊन आंघोळ करून मगच कशाला हात लावायचा. आईनं हे सगळं तिला नीट सांगितलं होतं, आणि नोराक्कानंही नीट ऐकून घेतलं होतं. पण खुर्च्या काही थांबल्या नाहीत. गल्लीत कुणीही गेलं की तासाभरात हातगाडीवरून तिच्या खुर्च्या त्या दारात हजर. घरात त्या कुणी घेत नसे. मग बाहेर रस्त्यावर, नारळाच्या झापांच्या मांडवात, गावाहून आलेले पुरुष त्यांच्यावर बसायचे. सुतक संपलं की त्या विहिरीच्या पाण्यानं धुऊन परत यायच्या. इतक्या वेळा धुतल्या गेल्या की त्यांचं पॉलिश पार उडून गेलं. ती तक्रार करायची नाही. पांढऱ्या पडलेल्या खुर्च्यांकडे बघून म्हणायची, ह्यांची पुण्याई वाढते आहे.

समोरच्या घरात तुळसाक्का राहायची. ऐन तरुणपणी विधवा झालेली, अतिशय कडक. बाहेर पाणीसुद्धा प्यायची नाही. घरी प्यायची ती कॉफीसुद्धा वरून, भांड्याला ओठ न लावता. अप्पळम, म्हणजे पापड, आणि सांडगे करून विकायची आणि त्यावर तिनं एकुलत्या एका मुलाला, रंगूला, वाढवलं. रंगू हसरा, थोडा वांड, पण आईच्या शब्दाबाहेर नाही. पेरांबूरच्या रेल्वे कारखान्यात त्याला नोकरी लागली तेव्हा तुळसाक्कानं गल्लीतल्या प्रत्येक घरी स्वतः जाऊन साखर दिली.

त्याच उन्हाळ्यात रंगूला ताप भरला. तो स्वतःच्या पायांनी चालत डॉक्टरांच्या घरच्याच दवाखान्यात गेला. डॉक्टरांनी इंजेक्शन दिलं. ते औषध तेव्हा नवं होतं, लोक त्याला संजीवनी म्हणायचे. घटकाभरात रंगू त्यांच्या टेबलावर निळा पडला. डॉक्टरांनी जे जे करता येईल ते सगळं केलं, पण पोरगा गेला. एखाद्या शरीराला ते औषध सोसत नाही आणि आधी कळतही नाही, हे मला आता ठाऊक आहे. तेव्हा गल्लीत कुणालाच ठाऊक नव्हतं. डॉक्टरांना होतं, आणि तेच त्यांच्या जिवाला लागलं. रंगूला आधी काही विचारायचं राहिलं का, हे ते स्वतःलाच विचारत राहिले.

नोराक्कानं त्या दिवशीही खुर्च्या पाठवल्या. आणि स्वतः गेली. आम्ही सगळ्या बायका भिंतीशी बसलो होतो. ती तुळसाक्काच्या अगदी जवळ जमिनीवर बसली, तिचा हात हातात घेतला आणि बोलायला लागली. रंगू लहान असताना तिच्या पेरूच्या झाडावर चढला, उतरता येईना, आणि झाडावरूनच तिच्याशी भांडला की झाड इतकं उंच ठेवलंच का. हे सांगताना ती रडत होती आणि हसतही होती. तिच्या गावात ती याहून मोठं सांत्वन करूच शकली नसती. आमच्या अंगावर मात्र काटा आला. तुळसाक्कानं हात सोडवून घेतला. आवाज चढवला नाही.

"नोराक्का, तुमच्या खुर्च्या घेऊन जा."

त्या वेळी खुर्च्या धुऊन परत आल्या नाहीत. कुणीतरी त्या तिच्या फाटकाबाहेर रस्त्यावर नेऊन ठेवल्या. दोन दिवस त्या तिथंच होत्या.

त्यानंतर डॉक्टरांना कुणी एक शब्द बोललं नाही. आम्हा लोकांना भांडता येत नाही. आम्ही वाट बदलतो. ताप आला की गल्लीतले लोक रुळांपलीकडच्या डॉक्टरकडे जायला लागले. विचारलं तर सांगायचे, कामावरून येताना वाटेत पडतो. माझ्या वडिलांनाही तो वाटेत पडायला लागला. दवाखान्याच्या बाकावर माश्या बसायला लागल्या. डॉक्टर रोज दुपारी उन्हात रस्ता ओलांडायचे आणि तुळसाक्काच्या ओट्यावर जाऊन बसायचे. दार बंद असायचं. ते वाजवायचे नाहीत. थोडा वेळ बसून छत्री उघडून परत यायचे. असं कितीतरी आठवडे चाललं. पुढं ते थकले, आणि वर्ष व्हायच्या आत एका सकाळी दवाखान्यातल्या वेताच्या खुर्चीत पेपर वाचता वाचता गेले.

मी त्या वेळी नुंगंबाक्कमच्या एका कचेरीत टायपिस्ट होते. बातमी कळली तेव्हा घरीच होते, आईबरोबर मीही गेले. नोराक्कानं घड्याळ थांबवलं होतं. दवाखान्यातल्या आरशावर चादर टाकली होती, खिडकी उघडी होती. आणि हॉलमध्ये भिंतींच्या कडेनं तिच्या होत्या नव्हत्या तेवढ्या सगळ्या खुर्च्या मांडल्या होत्या. मधोमध डॉक्टर. एका ताटात चिलिमींच्या ऐवजी विड्याची पानं आणि तंबाखू. स्वयंपाकघरात मोठ्या पातेल्यात तिनं स्वतः चहा केला होता.

सगळी गल्ली आली. हे मला मुद्दाम सांगायचं आहे, एकही घर राहिलं नाही. पण एकजणही खुर्चीवर बसला नाही. लोक जमिनीवर टेकले, तिच्याकडे न बघता बसून राहिले. ती कपांचा ट्रे घेऊन एकेकापुढं वाकत होती आणि एकेकजण हात जोडत होता.  डॉक्टरांची एकही गोष्ट कुणी सांगितली नाही. तुळसाक्काही आली. दाराच्या चौकटीशी उभी राहिली, बघितलं, आणि गेली. डॉक्टरांचा सैदापेटचा पुतण्या, त्याच्याबरोबरचे भटजी, लाकडं, सगळं वेळेत आलं आणि ऊन उतरायच्या आत डॉक्टरांना नेलं. आम्ही सगळे 'येते' न म्हणता उठलो. मी विहिरीवर आंघोळ करत होते तेव्हा नोराक्का मागच्या दारातून पातेलं घेऊन बाहेर आली आणि साय धरलेला तो सगळा चहा तिनं पेरूच्या झाडाच्या मुळाशी ओतला.

मग तिनं आपल्या सगळ्या साड्या काळ्या रंगवून आणल्या. आमच्याकडे काळं अशुभ. पण तिच्याकडे विधवेचा रंग तोच. काळ्या साडीतली ती गोरी बाई समोरून आली की लोक नजर खाली घालायचे. विहिरीपाशी खोकला येईनासा झाला. कार्यं निघत होती, पण खुर्च्या मागायला जायला कुणाचा पाय उचलत नव्हता. आई अधूनमधून म्हणायची, एकदा जाऊन यायला हवं. आणि जायची नाही.

वर्ष उलटून गेल्यावर एका संध्याकाळी मी स्टेशनवरून घरी येत होते आणि रेल्वेचं फाटक पडलं. गर्दीत नोराक्का उभी होती, हातात डॉक्टरांची छत्री. मालगाडी लांबलचक होती. मी काहीतरी विचारायचं म्हणून, बरं आहे ना, असं विचारलं. ती म्हणाली, घर विकलंय, वर डोंगरात कोटागिरीला एक जुनी नर्स मैत्रीण आहे, तिच्याकडे जातेय. किलबेगला नाही का, असं मी म्हटलं. तिनं मान हलवली. भाऊ गेला होता, दुकान भाच्यानं विकलं होतं, तिथं तिला ओळखणारं आता कुणी नव्हतं.

मग गाडीकडे बघत तिनं एक गोष्ट सांगितली. किलबेगची एवढी वर्षं ऐकली, पण ही तिनं कधी सांगितली नव्हती. त्यांच्या गावात माइक नावाचा एक म्हातारा होता. जन्मभर तो इंग्रजांच्या पोलिसात होता. देश मोकळा झाल्यावर गावी परत आला आणि बायकोबरोबर राहायला लागला. त्याला कुणी मारलं नाही, शिवी दिली नाही. तो मेला तेव्हा त्याच्या घरी कुणी खुर्च्या पाठवल्या नाहीत. पाद्र्यानं दरडावलं म्हणून चार-दोन माणसं गेली. नोराक्काचा बाप पेटी पोचवायला गेला, त्याच्याबरोबर ही लहानगी. माणसं दाराशी उभी राहिली. बसली नाहीत, चहाला हात लावला नाही, एक शब्द न बोलता निघून गेली. माइकची बायको ट्रे घेऊन उभीच होती. नोराक्कानं एक कप घ्यायला हात पुढं केला तर बापानं मनगट धरून तिला ओढत बाहेर नेलं.

"म्हणून मी खुर्च्या जमवल्या गे," ती म्हणाली. "मी राहते तेथे कोणाच्या घरी असे होऊ नये म्हणून."

मी घाईघाईनं सांगायला लागले, की डॉक्टरांच्या वेळी आम्ही तसे वागलो ते आमच्या रीतीनं, त्यात राग नव्हता, आमच्याकडे सुतकात कुणी काही घेतच नाही. तिनं मला बोलू दिलं. गाडीचे शेवटचे डबे जात होते.

"मज सगळे ठाऊक आहे. वीस वर्षे मी तुमची सुतके बघितली. पण त्या दिवशी दारात तुळसाक्का उभी राहिली आणि गेली, तेव्हा तुमची रीत कोठे संपते आणि तुमचा राग कोठे लागतो, ते मज कळेना. अजून कळत नाही. ह्यांना क्षमा केली की नाही, एवढे मज कोणी सांगितले असते तर मी गेले नसते."

फाटक उघडलं. ती चालायला लागली. खरं सांगायचं तर मलाही ते ठाऊक नव्हतं. आमच्या गल्लीत ते कुणालाच ठाऊक नव्हतं. रीत इतकी सोयीची असते की आपल्या मनात राग होता का हे आपल्यालाही तपासावं लागत नाही.

घरी येऊन मी आईला सगळं सांगितलं. ती विळीवर केळफूल निवडत होती. तिचे हात थांबले. "अय्यो, पावम, बिचारी," एवढंच म्हणाली. दुसऱ्या दिवशी दुपारी ती समोर तुळसाक्काकडे गेली आणि बराच वेळ बसून आली. काय बोलणं झालं ते तिनं मला कधी सांगितलं नाही, आणि तिचा चेहरा बघून विचारायची माझी छाती झाली नाही.

नोराक्कानं जायच्या आधी खुर्च्या वाटून टाकल्या. हातगाडीवाल्याबरोबर प्रत्येक घरी एक, परत पाठवायची नाही असा निरोप देऊन. आमच्याकडे गोल पाठीची आली. तुळसाक्काच्या ओट्यावरही एक ठेवली गेली, पॉलिश उडालेली, पांढरी. ओट्यावर त्याच जागी डॉक्टर बसत असत. दोन दिवस ती खुर्ची तिथंच होती. तुळसाक्कानं ती आतही नेली नाही आणि परतही पाठवली नाही. झाडताना तिच्याभोवतीनं झाडायची. सगळी गल्ली त्या खुर्चीकडे डोळे लावून बसली होती आणि आपण बघतच नाही असं दाखवत होती.

नोराक्का निघायची होती त्याच्या आदल्या दिवशीची दुपार. मी आणि आई विहिरीवर पाणी काढत होतो. एवढ्यात दोन घरांच्या मधल्या बोळातून तुळसाक्का येताना दिसली. नुकती न्हालेली, लाल सोवळं नेसलेली, आणि दोन्ही हातांत ती खुर्ची पोटाशी धरलेली. अंगानं वाळलेली, धाप लागलेली. मी मदतीला पुढं होणार तर आईनं मला मागं ओढलं. तुळसाक्का आमच्याकडे न बघता पुढं गेली. ती पुढच्या दाराकडे वळली नाही. हाक मारली नाही, खोकली नाही. मागच्या दारानं सरळ नोराक्काच्या स्वयंपाकघरात शिरली.

दार उघडंच होतं, आम्हाला सगळं दिसत होतं. घर रिकामं झालेलं, सामान खोक्यात बांधलेलं. नोराक्का चुलीपाशी पाठमोरी होती. आवाज झाला तशी वळली. तुळसाक्कानं खुर्ची जमिनीवर ठेवली आणि तिच्यावर बसली. उभ्या जन्मात ती खुर्चीवर बसली नसेल. पाय जमिनीला टेकत नव्हते.

"मज चहा दे गे," ती म्हणाली.

 नोराक्कानं एकदम खाली बसून एक खोकं सोडलं, वर्तमानपत्रात गुंडाळलेला कप काढला, पुसला. चुलीवर चहा उकळला. नोराक्कानं कप पुढं केला, आणि तुळसाक्कानं तो दोन्ही हातांत धरून सरळ ओठांना लावला. आईनं माझा दंड घट्ट धरला. तुळसाक्काला कुणाच्या कपाला तोंड लावताना गल्लीतल्या कुणी पाहिलं नव्हतं. तोंड वेडंवाकडं करून तिनं तो घोट गिळला, आणि दुसरा घेतला.

मग तिनं डॉक्टरांची गोष्ट सांगितली. रंगूच्या बाळंतपणाची. सुईणीनं हात टेकले म्हणून डॉक्टरांना बोलावलं. त्यांच्या दवाखान्याचं ते पहिलंच वर्ष. ते आत आले तर भिंतीवर पाल. ती खाली उतरली तसे डॉक्टर उडी मारून खाटेवर चढले. "मी कळा देते आहे, आणि डॉक्टर माझ्या उशाशी उभे, धोतर गुडघ्यावर धरून. सुईणीने आधी पाल हाकलली, मग त्यांनी रंगूला सोडवले." नोराक्काच्या तोंडून हसू फुटलं आणि तिनं काळा पदर तोंडात कोंबला. तुळसाक्का हसली नाही. कपात बघत म्हणाली, "ते रोज माझ्या ओट्यावर येऊन बसत. मी आतून दाराला पाठ लावून बसत असे. राग होता गे मज, फार होता. पण ते यायचे थांबले त्या दिवशी मज जेवण गेले नाही. त्यांच्याच हाताने रंगू आला, त्यांच्याच हातून गेला. मी त्यांना क्षमा करणारी कोण? पण चहा घेतला मी. हा घेतला बघ."

नोराक्का तिच्यासमोर जमिनीवर बसली आणि तिनं तुळसाक्काच्या लोंबत्या पायांवर डोकं टेकलं. तुळसाक्काचं सोवळं मोडलं होतं, पण ती उठली नाही.

आईनं भरलेली कळशी तशीच विहिरीच्या कट्ट्यावर ठेवली. डोळे पुसले, ओला पदर पिळून कमरेला खोचला. मी तिच्याकडे बघत राहिले तशी ती खेकसली, "बघतेस काय? जा, आपली खुर्ची घेऊन ये. आणि समोरच्यांनाही सांग, आपापल्या आणा म्हणावं."

नोराक्का दुसऱ्या दिवशी पहाटे गेली ती गेलीच. आम्हाला ती पुन्हा कधी दिसली नाही. पण मला तिचं शेवटचं दर्शन आठवतं ते त्या दुपारचं. आमची गोल पाठीची खुर्ची घेऊन मी बोळातून वळले तेव्हा ती मागच्या दारात येऊन उभी होती. काळ्या साडीवर सामान बांधायच्या गवताच्या काड्या, हातात खोक्यातले कप, आणि डोळे माझ्या मागं. मी वळून पाहिलं. बोळातून माणसं येत होती, ज्याच्या त्याच्या हातात ज्याची त्याची खुर्ची. नोराक्कानं एकदा कपांकडे पाहिलं आणि आत वळून हाक मारली, "तुळसाक्का, मोठे पातेले कोठे बांधले मी, बघ गे जरा."